पडद्यावरची सखू, फडावरची बया

कुंडल : किर्लोस्करवाडी स्थानकातून पुण्याच्या दिशेने निघालेली गाडी ताकारी, शेणोली मागे टाकून कराडला पोहोचते. या स्थानकाचे मूळ नाव कुंडल रोड. १९१० साली लक्ष्मणराव किर्लोस्करांनी औंधच्या पंतप्रतिनिधींकडून मिळालेल्या माळरानावर कारखाना उभारला आणि कुंडल रोडची किर्लोस्करवाडी झाली. याच मार्गावर शेणोलीजवळ ७ जून १९४३ रोजी प्रतिसरकारच्या तुफान सेनेने इंग्रज सरकारच्या पगाराची रक्कम नेणारी गाडी लुटली. कुंडलचे नाव निघाले की क्रांतिअग्रणी जी. डी. बापू लाड, कॅप्टन भाऊ, शाहीर शंकरराव निकम अशी नावे ओघानेच येतात. कुस्तीचे मैदानही येते. एका चित्रपट अभिनेत्रीचे नाव मात्र या यादीत कुणी घेणार नाही आणि त्यात वावगे काही नाही, कारण ती इथली नव्हती. तरीही तिच्या कारकिर्दीतल्या तीन मोठ्या चित्रपटांचे धागे याच कृष्णाकाठच्या मातीत रुजलेले आहेत. त्यातला पहिला धागा कराडचा, दुसरा वाळव्याकडचा आणि तिसरा थेट कुंडलच्या शाळेतला. ही अभिनेत्री म्हणजे हंसा वाडकर.

हंसाबाईंचा जन्म २४ जानेवारी १९२३ चा, मुंबईतला. मूळ नाव रतन भालचंद्र साळगावकर. कुटुंब सावंतवाडीकडचे आणि घराण्यात गाण्याबजावण्याची, कलावंतिणींची जुनी परंपरा. अशा घराण्यांना त्या काळी समाज मैफलीपुरता मान देत असे. लग्नाच्या पंगतीत मात्र त्यांचे पान वेगळे मांडले जाई. साळगावकरांच्या घराला ही परंपरा मागे टाकून चारचौघांसारखे संसारी व्हायचे होते. परंतु संसाराला पैसा लागतो. वडील व्यसनाच्या आहारी गेलेले, घरात कमावते कुणी नाही. चित्रपटाचा धंदा तेव्हा नुकताच बोलू लागला होता आणि त्याला गाणाऱ्या, नाचणाऱ्या, बोलक्या चेहऱ्याच्या मुली हव्या होत्या. ज्या परंपरेपासून दूर जायचे होते तिनेच दिलेला गळा आणि पदन्यास घेऊन रतन कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. १९३६ साली ‘विजयाची लग्ने’ पडद्यावर आला तेव्हा तिचे वय तेरा वर्षांचे होते.

साळगावकर हे नाव पडद्यावर नको, असे घरच्यांना वाटले. मुलीची कमाई चालत होती, पण घराण्याचे नाव जाहिरातीच्या कागदावर चालत नव्हते. म्हणून आत्याचे वाडकर हे आडनाव घेतले गेले आणि रतनची हंसा झाली. पुढची पस्तीस वर्षे हेच नाव चालले. मराठी चित्रपटाच्या इतिहासात टोपणनावे पुष्कळ आहेत. त्यांतली बहुतेक शोभेसाठी घेतलेली, हे मात्र झाकण्यासाठी घेतलेले.

पुढची दोन-तीन वर्षे मुंबईच्या लहानमोठ्या कंपन्यांत गेली. बॉम्बे टॉकीजने तिला घेतले तेव्हा मात्र दिवस पालटले. हिमांशू राय आणि देविकाराणी यांची मालाडची ही संस्था तेव्हा देशातील सर्वांत शिस्तीची चित्रसंस्था समजली जाई. कॅमेऱ्यामागे जर्मन तंत्रज्ञ, वेळेवर पगार आणि सुशिक्षित घरांतली माणसे. १९३९ सालच्या ‘नवजीवन’ या चित्रपटात तिला नायिकेची भूमिका मिळाली. दिग्दर्शक होते फ्रान्झ ऑस्टेन. त्याच वर्षी युद्ध सुरू झाले आणि जर्मन नागरिक म्हणून ऑस्टेन यांना इंग्रज सरकारने स्थानबद्ध केले. बॉम्बे टॉकीजचे एक पर्व तिथे संपले.

याच सुमारास तिचे लग्न झाले, वयाच्या पंधराव्या वर्षाच्या आसपास. वर होते जगन्नाथ बंदरकर. घरोब्यातले, तिच्याहून वयाने बरेच मोठे, पडत्या काळात कुटुंबाला आधार दिलेले गृहस्थ. आईचा मारझोडीपर्यंत जाणारा संशय आणि त्यावर मुलीचा हट्ट, यातून हे लग्न जुळले. हंसाबाईंची कल्पना साधी होती. लग्न झाले की काम सुटेल, स्वयंपाकघर, मुलेबाळे, सणवार येतील. पतीची कल्पना वेगळी होती. पत्नीचे काम हेच घराच्या उत्पन्नाचे साधन झाले. करार ते करीत, पैसे ते घेत आणि ती ज्यांच्यासोबत काम करी त्या प्रत्येकाबद्दल संशयही तेच घेत. एका मुलीनंतर मूल नको हा निर्णयही त्यांचाच ठरला. चित्रपटात काम करणारी बाई स्वैर असते, हा समज त्या काळी दृढ होता. ही बाई काम सोडायला तयार होती आणि तिला ते सोडता येत नव्हते, ही बाजू फार थोड्यांच्या ध्यानात आली असेल.

अशा काळात पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीचे बोलावणे आले. ‘संत तुकाराम’ने १९३७ साली इटलीतील व्हेनिसच्या महोत्सवात मानाचा उल्लेख मिळवला होता, १९४० साली ‘संत ज्ञानेश्वर’ येऊन गेला होता आणि आता प्रभातला संतपटांच्या मालिकेतला पुढचा चित्रपट करायचा होता. विषय निवडला कराडच्या सखूचा.

संत सखूची कथा आपल्या भागात कुणाला सांगायला नको. कराडला कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावर तिचे मंदिर आहे आणि आषाढीला पंढरीकडे निघालेल्या कराड, पलूस, कडेगाव भागातील वारकऱ्यांच्या तोंडी तिचे नाव असतेच. सासू छळते, नवरा आईच्या शब्दाबाहेर नाही, घरची सगळी कामे सखूच्या अंगावर. ती पंढरीला जायला निघते तर तिला खांबाला बांधून ठेवतात. मग विठ्ठलच सखूचे रूप घेऊन खांबाला बांधून घेतो आणि खरी सखू पंढरीला जाते. घरात राहिलेली सखू निमूटपणे दळण-कांडण करते. परत आलेली सखू आणि घरातली सखू यांचा उलगडा होईपर्यंत गावाची मती गुंग होते.

१९४१ साली आलेला ‘संत सखू’ दामले, फत्तेलाल आणि राजा नेने यांनी दिग्दर्शित केला. हंसाबाई तेव्हा अठरा वर्षांच्या होत्या. एकाच चेहऱ्याच्या दोन सखू उभ्या करण्याचे काम त्यांच्यावर होते. एक माणसाची, दुसरी देवाची, आणि कपडे, अंगकाठी, आवाज सारे सारखेच. प्रभातच्या कलाकारांना तालमी फार. भपका चालत नसे, दागिने नाहीत, रंगरंगोटी कमी. हंसाबाईंचा चेहरा याला सोयीचा होता. रूढ अर्थाने सुंदर म्हणावे असा तो नव्हता, पण त्यावर मनातले चटकन उमटे. चमत्कारांच्या दृश्यांचे कौतुक तेव्हा पुष्कळ झाले. या चित्रपटात खरा जीव मात्र चमत्काराच्या आधीच्या भागात आहे, असे प्रस्तुत प्रतिनिधीला वाटते. ओसरीवर उभी राहून सासूचे बोल ऐकणारी सून हंसाबाईंनी रंगवली ती देवाला हाक मारण्यापूर्वीच प्रेक्षकाच्या मनात घर करते.

संतपटांतील नटांना लोक संतच समजत, हे विष्णुपंत पागनीसांच्या तुकारामापासून सर्वश्रुत आहे. हंसाबाईंच्या वाट्यालाही ते काही काळ आले. पुढे १९४९ साली त्या ‘संत जनाबाई’तही दिसल्या. दरम्यान १९४४ साली प्रभातच्याच ‘रामशास्त्री’त त्यांनी एक लहान भूमिका केली. गजानन जागीरदारांचे रामशास्त्री आणि ललिता पवारांची आनंदीबाई यांच्यापुढे ती भूमिका लोकांच्या फारशी लक्षात राहिली नाही, याचे नवल नाही.

आता दुसरा धागा. वाळवा तालुक्यातील रेठरे हरणाक्ष या गावी १८६६ साली श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी नावाचा मुलगा ब्राह्मणाच्या घरी जन्मला. पुढे घर, वतन, जात सारे बाजूला ठेवून तो तमाशाच्या फडात गेला आणि पठ्ठे बापूराव म्हणून महाराष्ट्रभर गाजला. पवळा हिवरगावकर या दलित समाजातील कलावतीबरोबरची त्यांची जोडी अख्ख्या महाराष्ट्राने डोक्यावर घेतली आणि त्याच महाराष्ट्राने त्यांना वाळीतही टाकले. अखेरची वर्षे हलाखीत काढून १९४५ साली बापूराव वारले. त्यांच्या लावण्या सांगली-साताऱ्याच्या जत्रांमधून त्यानंतरही गायल्या जात होत्या.

बापूरावांच्या मृत्यूनंतर दोनच वर्षांनी, १९४७ साली, व्ही. शांताराम यांच्या राजकमल कलामंदिरचा ‘लोकशाहीर रामजोशी’ आला. रामजोशी सोलापूरचा, पेशवाईच्या उत्तरार्धातला. तोही ब्राह्मण, तोही कीर्तन सोडून डफ-तुणतुण्याकडे वळलेला. कृष्णाकाठच्या प्रेक्षकांना ही कथा जुनी वाटली नसणार, कारण तिची दुसरी आवृत्ती त्यांच्या डोळ्यांदेखत घडून गेली होती. चित्रपटाची कथा लिहिली ग. दि. माडगूळकरांनी आणि त्यात एक भूमिकाही केली.

इथे कुंडलचा संबंध येतो. माडगूळकरांचा जन्म १९१९ चा, आटपाडीजवळच्या शेटफळेचा. वडील औंध संस्थानात नोकरीला होते. त्यामुळे आटपाडी, कुंडल, औंध असे त्यांचे शिक्षण झाले. कुंडल तेव्हा औंध संस्थानातच होते. येथील शाहीर शंकरराव निकमांशी त्यांचा स्नेह होता. तमाशाची, पोवाड्याची, जत्रेतल्या वगाची भाषा त्यांना पुस्तकातून मिळवावी लागली नाही. ती गावच्या पारावर, देवळासमोरच्या पटांगणात कानावर पडत होती. चित्रपटाच्या संवादांत आणि गाण्यांत जो अस्सल गावरान ठसका लोकांना जाणवला त्याचे मूळ या भागात आहे, असे म्हणणे अतिशयोक्तीचे ठरू नये.

‘रामजोशी’चे दिग्दर्शन बाबूराव पेंटर आणि शांतारामबापूंचे, संगीत वसंत देसाईंचे. जयराम शिलेदार रामजोशी झाले आणि हंसाबाई झाल्या तमासगिरीण बया. सहा वर्षांपूर्वी ज्यांनी सखूला हात जोडले तेच प्रेक्षक आता बयाच्या नाचावर फेटे उडवू लागले. पायात चाळ, नऊवारीचा काष्टा, डोळ्यांत बेदरकारपणा आणि आवाजात ललकारी. मराठी चित्रपटात तमाशातली बाई याआधी आलीच नव्हती असे नाही. ती कथेच्या कडेला असे, नायकाला बिघडवण्यापुरती. बया तशी नव्हती. रामजोशीच्या काव्याला सूर आणि ताल देणारी, फडाची जबाबदारी अंगावर घेणारी, प्रेम करणारी आणि ते प्रेम लपवू न इच्छिणारी ही बाई होती. हंसाबाईंनी तिला चवचाल केले नाही आणि सोवळीही केले नाही.

दोनच वर्षे आधी, १९४५ साली, इटलीत रोबेर्तो रोसेलिनीचा ‘रोम, ओपन सिटी’ आला होता आणि अ‍ॅना मान्यानी ही त्यातली अभिनेत्री जगभर चर्चेत आली होती. विस्कटलेले केस, साधे कपडे, रस्त्यावरच्या बाईचा आवाज. हॉलिवूडच्या गुळगुळीत नायिकांना सरावलेल्या प्रेक्षकाला ती धक्काच होती. युद्धोत्तर इटलीने तिला आपल्या देशाचा चेहरा मानले, १९५६ साली तिला ऑस्कर मिळाले आणि १९७३ साली ती गेली तेव्हा रोममध्ये तिच्या अंत्ययात्रेला अलोट गर्दी लोटली. हंसाबाई आणि मान्यानी यांची तुलना करण्याचा मोह आवरता घेतलेला बरा, कारण दोघींच्या चित्रपटांत साम्य नाही. चेहऱ्याच्या जिवंतपणात ते आहे. आणि दोघींच्या वाट्याला आलेल्या निरोपात जमीन-अस्मानाचा फरक आहे, तोही नोंदवायला हवा.

‘रामजोशी’ने तुफान धंदा केला. ‘मतवाला शायर रामजोशी’ या नावाने त्याची हिंदी आवृत्तीही निघाली. त्याहून महत्त्वाचे म्हणजे मराठी चित्रपटाला एक नवे दालन मिळाले. पुढची वीस-पंचवीस वर्षे ज्यांना लोक तमाशापट म्हणू लागले त्यांची सुरुवात इथून मोजतात. गंमत अशी, की त्याच सुमारास खऱ्या तमाशावर मुंबई सरकारची वक्रदृष्टी होती. अश्लीलतेच्या कारणावरून बंदी आली, मग अटी घालून ती उठवली गेली. पडद्यावरचा तमाशा शहरातल्या थिएटरात प्रतिष्ठित झाला आणि तंबूतला तमाशा परवान्यासाठी कचेऱ्यांचे उंबरे झिजवत राहिला. वाटेगावच्या अण्णा भाऊ साठेंनी ‘वैजयंता’ लिहून या कलावतींची व्यथा मांडली आणि तिच्यावर १९६१ साली चित्रपटही निघाला, पण ती हकिगत वेगळी.

हंसाबाई त्यानंतर सतत कामात राहिल्या. १९५० साली राजा परांजपे यांच्या ‘पुढचं पाऊल’मध्ये त्या पु. ल. देशपांडे यांच्यासोबत होत्या. खेड्यातून मुंबईला आलेल्या कलावंताची ती गोष्ट, लेखणी पुन्हा माडगूळकरांची. १९५१ साली ‘पाटलाचे पोर’, १९५५ साली ‘मी तुळस तुझ्या अंगणी’, १९५७ साली ‘नायकिणीचा सज्जा’. शेवटच्या दोन नावांकडे जरा पाहावे. एकात अंगणातली तुळस, दुसऱ्यात नायकिणीचा सज्जा. मराठी चित्रपटाला बाईविषयी एवढ्या दोनच कल्पना सुचत होत्या आणि दोन्हींसाठी त्याला एकच बाई आठवत होती.

पडद्यामागचे आयुष्य या काळात उसवत चालले होते. मद्याची सवय लागली होती. घरातले वाद विकोपाला जात. अशाच एका संतापाच्या भरात त्या घराबाहेर पडल्या आणि ओळखीच्या एका गृहस्थाबरोबर मराठवाड्यातील त्याच्या गावी गेल्या. गाव आडवळणाचे. गेल्यावर कळले की घरात आधीच दोन बायका आहेत आणि आपण तिसऱ्या. चित्रपटांच्या जाहिरातींवर जिचे नाव ठळक अक्षरांत छापले जाई ती अभिनेत्री तिथे डोक्यावर पदर घेऊन, चुलीपुढे आणि घरकामात जवळजवळ तीन वर्षे राहिली. वाड्याबाहेर जायची मुभा नव्हती. एवढी वर्षे जी गृहस्थी त्यांनी मागितली होती ती ही अशी मिळाली. सखूची भूमिका वठवताना त्यांनी खांबाला बांधल्याचा अभिनय केला होता. आता दोरी नव्हती, पण सुटताही येत नव्हते आणि त्यांच्या जागी उभे राहायला कुणी विठ्ठल आला नाही.

कसेबसे एक पत्र पतीपर्यंत पोहोचले. ते पोलीस घेऊन आले आणि सुटका झाली. पण सुटकेच्या वाटेवरही एक प्रसंग होता. ज्या दंडाधिकाऱ्यापुढे त्यांना हजर व्हावे लागले त्यानेच आपल्यावर अत्याचार केल्याचे हंसाबाईंनी पुढे आत्मकथनात सांगितले. ज्याच्याकडे तक्रार करायची तोच अपराधी निघाल्यावर फिर्याद कुठे न्यायची? त्यांनी ती न्यायालयात नेली नाही. अनेक वर्षांनी वाचकांपुढे ठेवली.

मुंबईत परतल्यावर पुन्हा तोंडाला रंग लागला. चित्रपटसृष्टीने त्यांना पुन्हा घेतले, हे तिच्या बाजूने सांगायला हवे. घराच्या बाबतीत तसे म्हणता येत नाही. संसार पुन्हा जुळला नाही आणि हळूहळू त्या वेगळ्या राहू लागल्या.

तिसरा मोठा चित्रपट १९५९ चा, अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’. पटकथा-संवाद व्यंकटेश माडगूळकरांचे, गीते त्यांच्या वडीलबंधूंची, संगीत वसंत पवारांचे. त्यातले सर्वांत गाजलेले गाणे गायिले सांगलीत १९३३ साली जन्मलेल्या आशा भोसले यांनी. कथा जत्रेतल्या बैलगाडी शर्यतीपासून सुरू होते. शर्यत हरल्याचा राग मनात धरून गावचा पाटील जिंकणाऱ्या शेतकऱ्याचा जीव घेतो, त्याच्या बायकोवर अत्याचार करतो. तिला झालेली मुलगी एका तमासगिरिणीच्या पदरी वाढते आणि मोठी होऊन त्याच गावच्या बोर्डावर उभी राहते. सगळा गाव पुढे बसलेला असताना वगातून ती पाटलाच्या पापाचा पाढा वाचते. शर्यतींचा आणि जत्रांचा हा मुलूख, त्यामुळे ही कथा इथल्या प्रेक्षकाला परकी वाटण्याचा प्रश्नच नव्हता. प्रत्येक गावात असा एखादा वाडा असतो, ज्याविषयी लोक आवाज खाली करून बोलतात.

मुलीची भूमिका जयश्री गडकर यांची. तिचा सांभाळ करणारी तमासगिरीण म्हणजे हंसाबाई. नायिकेचे पद आता सतरा वर्षांच्या नव्या मुलीकडे गेले होते आणि छत्तिशीतल्या हंसाबाई तिला पुढे करून मागच्या बाजूला सरकल्या होत्या. पडद्यावरचे आणि पडद्याबाहेरचे हे हस्तांतरण एकाच वेळी झाले. जयश्रीबाईंनी ते समर्थपणे पेलले आणि पुढे दीर्घकाळ मराठी पडदा गाजवला. ‘सांगत्ये ऐका’ पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात सव्वाशेहून अधिक आठवडे चालला. खेड्यापाड्यांतून लोक बैलगाड्या जुंपून जवळच्या तंबूत हा चित्रपट पाहायला जात, अशा आठवणी पश्चिम महाराष्ट्रात आजही निघतात.

त्यानंतर कामे मिळत गेली, परंतु पूर्वीसारखी नाही. तब्येत ढासळत होती. पैसा हाती राहिलेला नव्हता. तेरा वर्षांच्या वयापासून कमावणाऱ्या बाईच्या नावावर काही नसावे, याचे आश्चर्य तिचे करारनामे कोण करीत होते हे आठवल्यास वाटणार नाही. उत्तरायुष्यात राजन जावळे या अभिनेत्याची सोबत त्यांना लाभली.

१९६६ च्या सुमारास पुण्याच्या ‘माणूस’ साप्ताहिकात त्यांचे आत्मकथन क्रमशः येऊ लागले. संपादक श्री. ग. माजगावकर. हंसाबाई बोलल्या आणि अरुण साधूंनी ते शब्दांत उतरवले. साधू तेव्हा पंचविशीतले पत्रकार होते. ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ अजून पुढे यायचे होते. पत्रकारितेच्या विद्यार्थ्यांनी हे लेखन केवळ एवढ्यासाठीही वाचावे, की लिहिणारा त्यात कुठेही दिसत नाही. वाक्ये तुटक, बोलीतली, पाल्हाळ नाही. एखादी भयंकर गोष्ट सांगून झाली की लगेच पुढची हकिगत सुरू होते. थांबून रडणे नाही, वाचकाकडून सहानुभूती मागणे नाही. १९७० साली राजहंस प्रकाशनाने ते पुस्तकरूपाने काढले आणि नाव ठेवले ‘सांगत्ये ऐका’.

चित्रपटातल्या वगाने गावच्या पाटलाला उघडे पाडले होते. पुस्तकाने कोणाला उघडे पाडले? आईला, पतीला, मराठवाड्यातल्या त्या गृहस्थाला, दंडाधिकाऱ्याला आणि स्वतःलाही. मद्य, परपुरुष, गर्भपात, संताप यांतले काहीच त्यांनी दुसऱ्याच्या माथी मारले नाही. मराठीत स्त्रियांची आत्मकथने लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’पासून मोठ्या मानाने वाचली जात होती. ती प्रामुख्याने कुणाची तरी पत्नी म्हणून लिहिलेली होती. चित्रपटात काम करणाऱ्या बाईने, हयात असताना, संबंधित माणसेही हयात असताना, असे बोलणे नवीन होते. लीला चिटणीस यांचे ‘चंदेरी दुनियेत’ १९८१ साली आले, दुर्गाबाई खोटे यांचे ‘मी, दुर्गा खोटे’ १९८२ साली, तर शांता हुबळीकरांचे ‘कशाला उद्याची बात’ १९९० साली. या साऱ्या हंसाबाईंच्या मागून आल्या. वाचकांची मते अर्थातच दुभंगली. कुणाला ते धाडस वाटले, कुणाला निर्लज्जपणा. किर्लोस्करवाडीच्या माळावरून १९३० साली ‘स्त्री’ मासिक निघाले तेव्हा बायकांनी आपल्या घरातल्या गोष्टी छापून आणाव्यात का, यावर असेच वाद झडले होते. चाळीस वर्षांत त्या वादात फारसा फरक पडलेला नव्हता.

पुस्तक निघाल्यानंतर वर्षभरातच, २३ ऑगस्ट १९७१ रोजी, हंसाबाईंचे निधन झाले. वय अवघे अठ्ठेचाळीस. अ‍ॅना मान्यानीच्या वाट्याला आलेली गर्दी त्यांच्या वाट्याला आली नाही.

त्यांच्या आयुष्यावरचा चित्रपट त्यांना पाहायला मिळाला नाही. श्याम बेनेगल यांनी १९७७ साली ‘भूमिका’ काढला तो याच पुस्तकाच्या आधारे. पटकथेसाठी त्यांच्यासोबत गिरीश कर्नाड आणि सत्यदेव दुबे होते. माणसांची नावे बदलली, प्रसंग बदलले, मराठवाड्यातल्या घराच्या जागी अमरीश पुरी यांचा वाडा आला, पतीच्या जागी अमोल पालेकर. स्मिता पाटील यांना या भूमिकेसाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पटकथेलाही मिळाला. स्मिता पाटील तेव्हा बावीस वर्षांच्या होत्या आणि बालपणीच्या रतनपासून थकलेल्या नटीपर्यंतचा पल्ला त्यांना दाखवायचा होता. चित्रपटाच्या प्रारंभीच त्या लावणीच्या वेषात दिसतात. ते दृश्य पाहताना जुन्या प्रेक्षकांना बया आठवल्याशिवाय राहत नाही. ‘भूमिका’ देशोदेशी दाखवला गेला. तो पाहणाऱ्या परदेशी प्रेक्षकांपैकी कितीजणांना ‘संत सखू’ ठाऊक असेल, हा प्रश्नच आहे. २०१३ साली जसबीर जैन आणि शोभा शिंदे यांनी मूळ पुस्तक इंग्रजीत आणले. मराठीत त्याच्या आवृत्त्या निघत राहिल्या आहेत.

कराडच्या प्रीतिसंगमावर सखूच्या मंदिरात आजही लोक दर्शनाला जातात. रेठरे हरणाक्षला पठ्ठे बापूरावांचे नाव अभिमानाने सांगितले जाते आणि गदिमांचे नाव तर या भागात घराघरांत आहे. या तिघांनाही हंसाबाईंनी आपापल्या परीने चेहरा दिला. ‘संत सखू’ आणि ‘लोकशाहीर रामजोशी’ हे दोन चित्रपट ज्यांना एकापाठोपाठ पाहता येतील त्यांनी ते जरूर पाहावेत, आणि मग पुस्तक उघडावे. आधी पुस्तक वाचले तर सखूच्या डोळ्यांत पाहणे जड जाते.